देव्हाऱ्यातली राज्यक्रांती

माझा थोरला भाऊ पलटणीत होता. शेवटची रजा संपताना त्यानं माझी दोन पुस्तकं परत केली: फ्रान्सच्या राज्यक्रांतीचा इतिहास आणि सरहद्दीवरच्या ठाण्याची एक कादंबरी. दोन्ही त्यानं वाईला एकाच पुठ्ठ्यात बांधून आणली होती. म्हणाला, "समासात लिवलंय, वाच." मी शाळेचे पेपर तपासत होतो. नंतर वाचू म्हटलं. चार महिन्यांनी तार आली.

तेराव्यानंतर आठवड्यातच भूमिगतांच्या शोधात पोलीस गावात आले. घरोघर झडती. नावात राज्यक्रांती असलेलं पुस्तक सापडलं असतं तर माझी नोकरी गेलीच होती. आईला वाचता येत नव्हतं, पण माझा चेहरा तिनं वाचला. पुस्तक लाल फडक्यात गुंडाळून तिनं देव्हाऱ्यात ठेवलं, वर हळदकुंकू वाहिलं.

"पोथी हाय," ती शिपायाला म्हणाली. "बूट काढून या."

बुटांवरून पोटरीपर्यंत गुंडाळलेल्या पट्ट्या सोडायचा त्याला कंटाळा आला. गेला.

इथवर ठीक होतं. पण त्या दिवसापासून आईच्या लेखी ती पोथीच झाली. रोज फूल. मी हात पुढे केला की विचारायची, "आंगुळ केलीस का?"

"सकाळी केली."

"सकाळची चालत न्हाई."

शिवाय उघडली की अध्याय पुरा करायचा, मधे उठायचं नाही. राज्यक्रांतीचा एकेक अध्याय साठ पानांचा. भावाचं अक्षर हातभर अंतरावर आणि मी ताजी अंघोळ नि साठ पानं एका बैठकीत जमतील अशा दिवसाची वाट बघत बसायचो.

"अगं, यात राजाचं मुंडकं उडवलंय," एकदा चिडून सांगितलं.

"पोथीत राक्षसांची उडत्यातच की."

शेवटी एका रविवारी पुन्हा अंघोळ केली आणि बसलो. आई समोर हात जोडून. मी तिला फक्त समास वाचून दाखवत गेलो. 'भाकरी महागली की माणूस उठतो, हे पटलं.' पुढे कादंबरीत: 'दगडांवर घोडा असा धावत नाही.' 'ठाण्यावरचा शिपाई इतकं बोलत नाही. थंडीनं तोंड उघडत नाही.'

आई म्हणाली, "ह्ये त्याचं."

एका अध्यायाच्या मध्यावर पेन्सिल थांबली. मीही थांबलो.

"का रं?"

"पुढं त्यानं लिहिलं नाही. रजा संपली."

"मग अध्याय पुरा कर."

वाद घालण्यात अर्थ नव्हता. पुढच्या बावीस पानांचे समास कोरे होते. ती पानं मी मोठ्यानं वाचली.