आमच्या शेजाऱ्यांचं मत

इंग्लंडच्या उत्तरेकडच्या आमच्या खाणगावात कुणाला थेट परमेश्वराविरुद्ध तक्रार करायची असती, तरी तो आधी आमच्या शेजाऱ्यांकडे गेला असता. आणि शेजाऱ्यांनी ती शांतपणे ऐकून पुढच्या सोमवारी कौन्सिलमध्ये मांडली असती. साठच्या दशकात मी डॉक्टर म्हणून तिथे गेलो, तेव्हा त्यांची कारकीर्द ऐन भरात होती. चौदाव्या वर्षी खाणीत उतरलेला हा माणूस आधी युनियनचा सेक्रेटरी आणि मग कौन्सिलर झाला. खाण सुटली, पण खोकला सुटला नाही. तो तपासू देण्याचं मात्र नाव नको. "आधी आमच्या घरांच्या ओळीतल्या बाकीच्यांचं बघा, डॉक्टर," म्हणत आणि वर मलाच दोन लीकच्या जुड्या देऊन वाटेला लावत. लीक म्हणजे आपल्या कांद्याच्या पातीचा धिप्पाड भाऊ. दर रविवारी ते फूटपट्टी घेऊन परसात लावलेल्या लीकची जाडी मोजत. मुलं नव्हती, म्हणून हे कौतुक लीकच्या वाट्याला आलं असावं.

निवडणुकीचा प्रचार त्यांनी कधी केला नाही. त्यांनी कोळसा टाकला. निवृत्त कामगारांना आणि कामगारांच्या विधवांना खाणीकडून फुकट कोळसा मिळे, पण लॉरी तो दारासमोर रस्त्यावरच ओतून निघून जाई. मग आमचे शेजारी सूट, टाय आणि टोपी अशा थाटात फावडं घेऊन हजर. म्हातारीचा ढीग कोठीत टाकता टाकता गटार, बस, गळकं छप्पर सगळं ऐकून घेत आणि खिशातल्या खडूनं फावड्याच्या पाठीवर टिपून ठेवत. कागद हरवतो, फावडं हरवत नाही, असं त्यांचं म्हणणं. एकदा पावसात एक तक्रार पुसली गेली, तेव्हा ती परत विचारायला ते दोन मैल चालत गेले. म्हातारी ती विसरली होती. मग तिला आठवेपर्यंत चहा पीत बसले.

त्यांचं खरं वेड म्हणजे न्हाणीघरं. खाणकामगारांच्या घरांच्या तीन ओळी होत्या आणि संडास परसाच्या टोकाला. थंडीत साठीच्या बायका कंदील घेऊन बर्फातून जात. कौन्सिलशी भांडून भांडून त्यांनी पहिल्या दोन ओळींना घरात न्हाणीघरं मिळवून दिली. तिसरी ओळ मागे राहिली, कारण त्यांचं स्वतःचं घर तिच्यात होतं. "आपल्याच दारापासून सुरुवात केली तर शोभेल का?" ते म्हणत. तिसऱ्या ओळीसाठी त्यांना आणखी एकदा निवडून यायचं होतं, बस.

त्यांच्याविरुद्ध दर वेळी लोखंडी सामानाचा एक दुकानदार उभा राहायचा आणि दर वेळी सपाटून पडायचा. पण सत्तरच्या दशकात खाण बंद झाली, तरुण मंडळी कामासाठी कॉव्हेंट्रीकडे गेली, नव्या वस्तीत नवे लोक आले. त्या वर्षी आमचे शेजारी पडले. एका मतानं.

मी मत द्यायला गेलोच नव्हतो. दवाखाना संपवून, ओले मोजे काढून शेकोटीपाशी बसलो होतो. निकाल कळल्यावर बायकोनं माझी हजेरी घेतली. "अहो, टेन मिनिट्सचं काम होतं! मी गेले ना पावसात? तुम्हाला मेले सॉक्स घालायचा कंटाळा!"

दुसऱ्या दिवशी खाली मान घालून मी त्यांच्याकडे गेलो. आमची खाण बंद झाली, तरी विधवांचा कोळसा दुसऱ्या खाणीतून येतच होता; ते शेजारच्या म्हाताऱ्या विधवेचा टाकत होते. मी माझा गुन्हा सांगितला. म्हटलं, माझ्या मतानं निदान बरोबरी झाली असती.

त्यांनी फावडं टेकवलं, पोटभर खोकून घेतलं.

"बरोबरी झाली असती, मग चिठ्ठी टाकली असती. तुमच्या हातात अर्धंच होतं, डॉक्टर. माझ्या हातात पुरतं होतं."

"म्हणजे?"

"मी दर वेळी मत त्या दुकानदारालाच देतो. युनियनमध्ये स्वतःच्या नावाला हात वर करणाऱ्याला आम्ही हसायचो. आणि त्या बिचाऱ्यालाही कुणीतरी द्यायला हवं होतं."

मला हलकं वाटावं म्हणून त्यांनी हे सांगितलं, हे मला घरी गेल्यावर कळलं. पण दारातली म्हातारी सगळं ऐकत होती. "तुझ्या सभ्यपणापायी मी अजून बर्फातून जाते," ती म्हणाली. ती रागावली नव्हती, आणि तेच जास्त लागलं. त्यांनी उरलेला सगळा कोळसा टाकला आणि खडू काढून फावड्यावर तिचा घरनंबर लिहिला.

पुढची दोन वर्षं त्यांनी कौन्सिलला पत्रं लिहिली. निवडून आलेला दुकानदार सज्जन निघाला; तोही सल्ल्यासाठी कोळशाच्या ढिगापाशी येऊन उभा राहू लागला. अखेर तिसऱ्या ओळीचं काम सुरू झालं, पहिलं त्या म्हातारीचं घर. शेजाऱ्यांचं घर शेवटचं, हे सांगायला नकोच. त्यांचा टब परसात येऊन पडला होता, त्याच आठवड्यात त्यांची छाती थकली. या खेपेला मला तपासू दिलं, पण उशीर झाला होता; त्यातच ते गेले. इतक्या मोठ्या मनाची माणसं मी फार कमी पाहिली, आणि मी त्यांना एक मत देऊ शकलो नव्हतो.

पुढच्या निवडणुकीला मी सकाळी सातलाच, मोजे घालून, पहिला उभा होतो. कागदावर दोन नावं होती. त्यांचं नाव नाही हे ठाऊक असूनही मी वरून खाली दोनदा वाचलं. मग पेन्सिल उचलली आणि त्या दुकानदारापुढे फुली मारली. आमच्या शेजाऱ्यांचं मत नेहमी त्यालाच जायचं.