दहाव्याच्या दिवशी बीजिंग

धाकट्या भावाच्या दहाव्याला मी घरी नव्हते. मी बीजिंगमध्ये होते, आणि ऐकणाऱ्याला खरं वाटणार नाही, पण त्या दिवशी मी शहर बघत फिरत होते. गाडी, ड्रायव्हर आणि इंग्रजी बोलणारी एक गाइड, असा सगळा थाट माझ्या एकटीसाठी होता.

भाऊ तिथे योग शिकवायचा. राजगडाखाली पालीत वाढलेला मुलगा. कॉलेजात असताना सुटीच्या दिवशी ट्रेकवाल्यांना गडावर घेऊन जायचा. त्यातल्याच कुणीतरी योगाच्या कोर्सचं डोक्यात भरवलं आणि बघता बघता स्वारी चीनला पोचली. एका सकाळी तो वर्गाला आला नाही. झोपेतच गेला होता. घरात पासपोर्ट माझ्या एकटीकडे, तोही त्यानेच मागे लागून काढायला लावलेला. म्हणून भोरची शाळा सोडून मीच धावले. अग्नी तिथेच द्यावा लागला. अस्थी हॉटेलच्या खोलीत, कपाटात ठेवल्या होत्या. त्या घेऊन निघायला एक कागद हवा होता आणि तो दुसऱ्या दिवशी मिळणार होता. मधला दिवस रिकामा होता.

ज्या बाईंकडे तो शिकवायचा, त्या म्हणाल्या, "उद्या एक गाइड येईल. तुम्हाला शहर दाखवेल."

मला संताप आला. घरात माणूस गेलंय आणि त्याच्या बहिणीला राजवाडे दाखवायचे, ही कुठली रीत? पण त्या बाईंनी दवाखान्यापासून स्मशानापर्यंत सगळं केलं होतं, त्यांना तोंडावर नाही म्हणवेना. आणि खरं सांगायचं तर त्या कपाटासमोर दिवसभर बसायची मला भीती वाटत होती.

गाइड चाळिशीची, बुटकी, अंगात फुगीर जाकीट आणि हातात गरम पाण्याचा थर्मास. ती मान खाली घालून दोन शब्द सांत्वनाचे बोलली आणि लगेच कामाला लागली. आधी तो मोठा चौक, मग जुन्या बादशहांचा राजवाडा. जागोजागी पासपोर्ट दाखवायचा, सॅक उघडायची. लाल भिंती, पिवळी कौलं, एका अंगणातून दुसऱ्या अंगणात, दुसऱ्यातून तिसऱ्यात. थंडी अशी की कान गळून पडतील. ती कुठला बादशहा कुठे बसायचा ते सांगत होती आणि मी हं हं करत होते. मला काही दिसत नव्हतं. एवढ्या मोठ्या अंगणात एक झाड नाही, एवढंच लक्षात राहिलं.

तिची एक खोड मात्र माझ्या डोक्यात जायला लागली. थोडं चाललं की ती म्हणायची, "इथे बसा." पायरीचा कट्टा असो, भिंतीकडेचं बाकडं असो, बसा. थर्मासच्या झाकणात गरम पाणी ओतून द्यायची आणि स्वतः शेजारी उभी राहायची. मी म्हटलं, मी दमलेले नाही. ती म्हणाली, हो, पण बसा. गडावर चढ-उतार करत वाढलेली मी, मला ही बाई सपाटीवर दम खायला लावतेय! तिसऱ्या-चौथ्या वेळेला मी फटकन म्हटलं, "मी काय म्हातारी आहे का?"

ती गोरीमोरी झाली. "सॉरी," म्हणाली, आणि पुढच्या बाकड्यापाशी पुन्हा थांबली.

तिथून आम्ही गाडीने स्वर्गाच्या देवळाकडे गेलो. देऊळ म्हणजे भलंमोठं उद्यानच, आत जुनीपुराणी सुरूसारखी झाडं आणि मधोमध निळ्या छपरांचं गोल मंदिर. तिथे पोचतोय तोच फोन वाजला. मामाचा व्हिडिओ कॉल होता.

घरी त्या वेळेला नदीवर दहावा चालला असणार हे मला माहीत होतं. सकाळपासून मी त्याच वेळेचा हिशेब करत होते. चित्र तुटत तुटत आलं. मागे माइकवर कुणीतरी पुढारी बोलत होता, आपल्या तालुक्याचं नाव साता समुद्रापार नेलं वगैरे. चीनला जायला समुद्र लागत नाही, पण श्रद्धांजलीला लागतो.

"अगं, कावळा शिवंना," मामा म्हणाला. "पिंड ठिवून लई येळ झाला. जांभळीवर बसल्यात समदे, खाली कुनी उतरंना. आमी बोललो समदं. आई-बापाला संभाळतो म्हनलं, ताईला अंतर देनार न्हाई म्हनलं. चुलत भाऊ क्रियेला बसलाय, त्यानं बी शब्द दिला. पर न्हाई. तू तितं हायस, त्याचं काय ऱ्हायलं व्हतं का ते इचार कुनाला तरी."

कुणाला विचारू? मी शाळेत विज्ञान शिकवते. कावळ्याला भूक लागली की तो येतो, माणसांची गर्दी असली की येत नाही, हे मी मुलांना सांगितलेलं आहे. पण मामाच्या मागे आई दिसत होती, नुसती झाडाकडे तोंड करून उभी. कावळा शिवल्याशिवाय ती नदीवरून हलणार नव्हती, पाण्याचा घोट घेणार नव्हती. तिला विज्ञान कोण सांगणार?

मी फोन तसाच हातात धरून गाइडला सगळं सांगितलं. भाताचा पिंड, कावळा, माणसाची इच्छा राहिली की तो येत नाही, मग घरच्यांनी ती ओळखून बोलायची. इंग्रजीत सांगताना ते मलाच वेडगळ वाटत होतं. ती हसली नाही. थर्मासचं झाकण लावून ती म्हणाली, "ही सहल तुमच्यासाठी नव्हती. तुमच्या आई-वडिलांसाठी होती. तुमच्या भावाने माझ्याकडे ठरवून ठेवली होती."

मग तिने सांगितलं. त्याने तिच्याबरोबर सुटीच्या दिवशी ही अख्खी वाट आधी चालून पाहिली होती. वडिलांचे गुडघे गेलेत, ते दमलो म्हणून कधी सांगणार नाहीत, म्हणून आपणच बसवायचं, असं तो म्हणाला होता. प्रत्येक बाकड्यावर तो स्वतः बसून बघायचा, ऊन येतं का, वारा लागतो का. एका बाकड्यावरून नुसती भिंत दिसते म्हणून त्याने ते रद्द केलं होतं. आईला थंड पाणी चालत नाही, म्हणून थर्मास. "दिवस मात्र त्याने कधी नक्की केला नाही," ती म्हणाली. "वडील पीक काढून झालं की येतील, असं म्हणायचा."

ज्या बाकड्यांवर मी सकाळभर करवादत बसले होते, ती त्याने निवडलेली होती.

मी मामाला सांगितलं, आण्णांना फोन दे. आण्णा म्हणजे आमचे वडील. ते लोकांपासून लांब, नदीच्या कडेला एका दगडावर बसले होते, टोपी काढून मांडीवर ठेवलेली. त्यांचं बोडकं डोकं मी घराबाहेर कधी पाहिलं नव्हतं. मी त्यांना सगळं सांगितलं. भोवती माणसं जमली. कुणीतरी म्हणालं, "आण्णा, येतो म्हना. एकदा पिंडापाशी जाऊन म्हना, येतो तुझं गाव बघाया. लगेच शिवंल."

"न्हाई म्हननार," आण्णा म्हणाले.

"आवं, नुसतं म्हनायचं तर हाय."

"नुसतंच म्हनत आलो की." आण्णांचा आवाज चढला. "जिता व्हता तवर नुसतंच म्हनत आलो. भात निघालं की येतो, भात निघालं की येतो. मला कुटं यायचं व्हतं? इमानाची भीती वाटायची मला. पोराला खोटं सांगितलं. आता मेल्यावर बी खोटंच सांगू व्हय?"

पुढाऱ्याचं भाषण तेवढ्यात संपलं. मी त्या देवळाच्या फाटकात रडत उभी होते, आणि आतबाहेर करणारे लोक मला वळसा घालून जात होते.

मग आण्णा फोनच्या अगदी जवळ आले. नुसतं कपाळ दिसायला लागलं. "दाव," ते म्हणाले. "त्यो काय दावनार व्हता, ते दाव मला. हितनंच बघतो. म्हंजे खोटं हुनार न्हाई."

मी कॅमेरा उलटा फिरवला. गाइडला सांगितलं, आता माझे वडील बघताहेत. तिने जाकिटाची चेन वर ओढली, केस सारखे केले आणि फोनकडे बघून मान लववली. सकाळपासून ती पाठ केलेलं बोलत होती. आता सावकाश बोलायला लागली, मी मराठीत सांगेपर्यंत थांबून.

झाडांच्या कडेने लांबलचक पडवी होती. तिथे म्हातारेकोतारे कठड्यावर पत्ते कुटत बसले होते, बाया विणत होत्या, एक आजोबा पिसांचा फुलोरा पायाने उडवत होते.

"ह्यास्नी कामं न्हाईत?" आण्णांनी विचारलं.

"पेन्शन आहे, आण्णा."

"बरं हाय."

पुढे निळ्या छपरांचं मंदिर आलं. गाइड म्हणाली, बादशहा वर्षातून एकदा इथे यायचा, आधी उपास धरायचा आणि पीक चांगलं यावं म्हणून गुडघे टेकायचा. हे मंदिर भावाने मुद्दाम वडिलांसाठी घेतलं होतं. तो म्हणाला होता, राजवाड्यात त्यांचा जीव रमणार नाही, इथे रमेल.

"राजा पिकासाठी पाया पडायचा?" आण्णा म्हणाले. "मंग पिकायचं का?"

मी विचारलं. गाइड म्हणाली, "दर वर्षी नाही."

"मंग आमच्यावानीच की," आण्णा म्हणाले, आणि तिकडे नदीवर कुणीतरी हसलं. दहाव्याला हसायचं नसतं, पण हसलं. मामाचा आवाज आला, "सरका की, आमाला बी बघू द्या." म्हणजे एव्हाना अख्खा दहावा आण्णांच्या मागे गोळा झाला होता. पालीच्या नदीकाठी उभे राहून ते सगळे बीजिंग बघत होते.

मंदिराला वळसा घालून आम्ही झाडांत गेलो. तिथे एक बाकडं होतं. गाइड म्हणाली, "इथे तो सगळ्यात जास्त वेळ बसला. म्हणाला, इथपर्यंत आले की वडील म्हणतील, आता घरी चला."

मी ते सांगितलं. पलीकडून नुसता माणसांचा गलबला येत होता. मग आण्णा म्हणाले, "तितं ठिव मला जरा."

मी बाकड्यावर बसले. गाइडकडून थर्मास घेऊन शेजारी ठेवला आणि त्याच्या कडेला टेकवून फोन उभा केला, समोरची झाडं दिसतील असा. गाइड लांब जाऊन उभी राहिली. फोनच्या पडद्यावर त्यांचं तोंड होतं, डोळे बारीक करून ते झाडं बघत होते. तेवढा वेळ आम्ही तिघं एका बाकड्यावर होतो, असं मला वाटलं. ते वाटणंही फार वेळ टिकलं नाही.

पलीकडे एकदम ओरडा झाला. "शिवला! शिवला!" पडद्यावर आभाळ, पाय, दगड, पुन्हा आभाळ. मामा धापा टाकत म्हणाला, "शिवला गं. पिंड इस्कटलाय समदा."

"कुनी बघितला?" मागून आण्णा विचारत होते. "उतरताना बघितला का कुनी?"

कुणीच बघितला नव्हता. सगळे फोन बघत होते. भटजीसुद्धा. कुणी म्हणालं कावळाच, दुसरं कोण येतंय. एका बाईचा आवाज आला, मघाशी तिकडं कुत्रं फिरत व्हतं. तिला दोघांनी गप्प केलं. आईने नदीचं पाणी डोळ्यांना लावलेलं मला ओझरतं दिसलं. मग लोक आंघोळीला, जेवणाला पांगले असणार. रेंज गेली आणि फोन बंद झाला.

अस्थी घेऊन मी घरी आले. त्या पाण्यात सोडल्या, तेरावं झालं, मी भोरला शाळेत जायला लागले. आई आता जेवतेखाते. तो मोकळा झाला, असं ती आल्यागेल्याला सांगते. आण्णा त्यावर काही बोलत नाहीत.

मागच्या रविवारी मी पालीला गेले होते. भाताची झोडणी चालली होती. दुपारी मजूर जेवायला बसले तशी आण्णांनी मला खळ्याच्या कडेला बोलावलं. इकडेतिकडे बघून म्हणाले, "तुझ्या फोनात तवा मागचं समदं दिसत आसंल की. पिंड बी दिसत आसंल."

"नाही, आण्णा."

"कावळा उतरताना न्हाई दिसला?"

हो म्हणायला माझं काय जात होतं? त्यांचं काळीज निवलं असतं. पण ते माझ्याकडे अशा नजरेने बघत होते की खोटं तोंडातून निघेना.

"मला फक्त तुमचं तोंड दिसत होतं," मी म्हटलं.

त्यांनी मान हलवली. टोपी काढून झटकली, पुन्हा घातली.

"मंग ऱ्हायलंच म्हनायचं," ते म्हणाले आणि पेंढी उचलून झोडायला गेले.