मूकपटाला माझा आवाज

मूकपट निवडला मंडळाच्या अध्यक्षांनी, आणि कारण एकच: त्यात कुणी बोलत नाही. मस्कतमधल्या आमच्या मराठी मंडळात मुलांना मराठी जड जायचं आणि आजी-आजोबांना इंग्रजी. मुका सिनेमा सगळ्यांना चालेल, शिवाय इतका जुना म्हणजे सोवळाच असणार, असा त्यांचा हिशेब. गोष्ट काय आहे हे कुणी पाहिलंच नाही. पडद्यावरच्या इंग्रजी पाट्या मराठीत वाचायचं काम माझ्या गळ्यात पडलं, कारण माझा आवाज खणखणीत.

त्याच आठवड्यात अध्यक्षांच्या बायकोने मला बाजूला घेतलं होतं. मी घटस्फोटित, आणि मत्रहच्या बाजारात कापडाचं दुकान असलेल्या रत्नागिरीच्या एका मुसलमानाशी लग्न करणार, ही बातमी सगळीकडे झाली होती. "मोडून टाक ते. सगळ्यांसमोर एकदा सॉरी म्हण, खलास. नाहीतर मंडळात तुला कसं ठेवायचं, तूच सांग." मी गप्प बसले. त्या गप्प बसण्याचा राग मला आठवडाभर पुरला.

शुक्रवारी संध्याकाळी मदिनत सुलतान काबूस या वस्तीत, अध्यक्षांच्या घरच्या हॉलमध्ये सिनेमा सुरू झाला. अमेरिकेतली जुनी वसाहत, काळे कपडे घातलेली कडक देवभक्त माणसं. तिथली एक बाई परक्या खलाशावर प्रेम करते आणि गाव तिला चौकात उभं करतं. "तू आता आमच्यातली उरली नाहीस," मी वाचलं. हॉलमध्ये कुणी चिवडासुद्धा चावेना. चोराच्या मनात चांदणं, दुसरं काय! पुढची पाटी मी आणखी मोठ्याने वाचली.

अध्यक्ष उठले. "मुलं बसलीत. बंद करूया हे." त्यांनी प्रोजेक्टर बंद केला आणि दिवे लावले.

मी बसले नाही. तयारीसाठी सिनेमा घरी पाहिला होता, गोष्ट पाठ होती. कोऱ्या पडद्यापुढे उभी राहून मी ती सांगत राहिले. लोक तिच्यावर थुंकतात. खलाशी परत येतो आणि भर चौकात तिच्या शेजारी उभा राहतो.

अध्यक्षांची धाकटी मुलगी पुढेच बसली होती. "आंटी, मग ती... सॉरी बोलली?"

तिच्या आईने माझ्याकडे रोखून पाहिलं. सिनेमात ती बाई माफी मागते. गुडघे टेकून, रडत.

"नाही," मी म्हणाले. "ती त्याच्याशी लग्न करते. पुढच्या महिन्यात. आणि तुम्ही सगळ्यांनी यायचंय."