एकेचाळीस नंबरचा दगड

सगळे त्यांना दगडोबा म्हणत. वनखात्यात तेहतीस वर्षं त्यांनी राखीव जंगलाच्या हद्दीचे दगड सांभाळले. दरवर्षी प्रत्येकाला चुना फासला. "दगडांना चुना लावलात, घराच्या भिंतींना कधी?" असं बायको विचारायची, तेव्हा त्यांना नेमका खोकला यायचा.

एकेकाळी रेल्वेच्या रुळांखाली घालायला या जंगलातली झाडं सपासप तोडली गेली. उरलेल्याला कायद्याचं संरक्षण मिळालं, तेव्हा हद्द आखून हे दगड पुरले. दगड पुरणाऱ्या टोळीत दगडोबा सगळ्यांत तरुण होते.

निवृत्तीनंतर एक दिवस नव्या अधिकारी बाई घरी आल्या. "काका, एकेचाळीस नंबरचा दगड जंगलात बराच आत सरकलाय. त्याच्या अलीकडच्या जागेत हॉटेलवाल्याने टेनिसचं मैदान केलंय."

दगडोबांनी चपला शोधल्या. बायकोही निघाली, असली करमणूक घरबसल्या कुठली मिळायला?

हॉटेलवाला हसतच सामोरा आला. "दगड पहिल्यापासून इथेच आहे. तो काय चालत आला?"

"खणा," दगडोबा म्हणाले. "प्रत्येक दगडाखाली आम्ही टोपलीभर कोळसा पुरलाय. दगड हलवता येतो, कोळशाचं कुणाच्या ध्यानात येत नाही."

खणलं. खाली माती आणि एक प्लास्टिकची बाटली निघाली. हॉटेलवाल्याचं हसू जरा आवरलं.

मग चाळीस नंबरच्या दगडापासून दगडोबांनी तीनशे वीस पावलं मोजली आणि मैदानाच्या मधोमध थांबले. तिथं खणलं, तर कोळशाचा कणही नाही. त्यांचा चेहरा पडला. आपलीच आठवण दगा देतेय की काय? हॉटेलवाला पुन्हा खुलला.

"अहो," बायको सावलीतून ओरडली, "तीनशे वीस पावलं कुणाची? विशीतल्या गड्याची! आता तुम्ही बदकासारखे चालता. आणखी पुढे जा!"

अधिकारी बाईंनी तोंड फिरवून हसू लपवलं. दगडोबा निमूट पंचवीस पावलं पुढे गेले. तिसऱ्याच घावाला कुदळीच्या टोकाला काळं लागलं. त्यांनी मूठभर कोळसा उचलून आधी बायकोला दाखवला, मग हॉटेलवाल्याला.

प्रकरण कोर्टात वर्षभर चाललं. शेवटी जाळी निघाली, मैदान जंगलात गेलं. पुढच्या वर्षापर्यंत तिथं गुडघाभर गवत वाढलं होतं, आणि रानडुकरांनी सगळं मैदान उकरून ठेवलं होतं.