सनद कुणी जाळली

"आले, आले! पोलीस आले, आपल्याच गल्लीत वळले!" आत्याबाई, म्हंजे माझ्या सासूबाई, दारातनं वरडल्या अन् म्या लेकीला पाजत होते ती तशीच उठले. लेक अंगाला लोंबतीय, पदर कुठं, डोस्कं कुठं, काय बी ठावं न्हाय. डोस्क्यात एकच, कागद जाळायचे.

आमचे हे वकील. निजामाच्या कोर्टात चांगलं चालायचं त्यांचं. मग निजामाविरुद्धच्या चळवळीत कितीक वकिलांनी कोर्ट सोडलं तसं ह्यांनी बी सोडलं, अन् पोलिसांनी धरू न्हाय म्हणून सरहद्दीपल्याड सोलापूरकडं निघून गेले. जाताना म्हणले, "पोलीस आले तर उर्दू पत्रकं तेवढी जाळ. दुसऱ्या कागदाला हात लावू नको." ह्यांना काय जातंय सांगायला! वकिलाच्या घरात उर्दू नसलेला कागद कोणता? दावे उर्दू, जबान्या उर्दू, खरेदीखतं उर्दू. अन् माझी शाळा तिसरीपतूर, ती बी बाळबोध. मला उर्दू म्हंजे उजवीकडनं निघालेली मुंग्यांची रांग.

तरी म्या डोस्कं चालवलं. लाल फडक्यातली बोचकी फळीवर उघड्यावर होती, ती पक्षकारांची, ती ठेवली. म्हणलं, जे लपवलेलं असंल तेच वाईट. पेटीच्या तळाला पत्रकांचा गठ्ठा होता, तो चुलीत. त्याच्याखाली रेशमी रुमाल, रुमालात पत्र्याची नळी, नळीत गुंडाळलेला जाडजूड कागद, अन् त्याच्यावर हा एवढा गोल शिक्का. म्हणलं, बया! इतकं लपवलंय म्हंजे ह्याच्यापायी तर फाशीच व्हणार. तो बी चुलीत. जळंना की ओ मेला! आत्याबाईंनी फुंकून फुंकून जाळला. वर तव्यावर भाकर होती, ती मात्र टम्म फुगली.

जमादार आला. वसरीवर बसला, तांब्याभर पाणी प्याला, "वकीलसाब किधर हैं?" म्हणला. म्या म्हणलं, "मालूम नै." "अच्छा," म्हणला अन् गेला. पेटीकडं बघितलं सुदिक न्हाय मेल्यानं.

तेवढ्यात शेजारची खाला आली. ती उर्दू शिकलेली. रिकामी नळी बघून तिनं कपाळावर हात मारला. "अगे पगली, ये तो सनद की नली है! मेरेकू दीवार पे से पुकारती तो पढ़ के बताती ना!"

सनद म्हंजे वकिली करायचा सरकारी परवाना. ती नसली की वकील म्हंजे नुसता काळा कोट. ह्यांनी कोर्ट सोडलं होतं, पण वकिली काय सोडली नव्हती. वारं फिरलं की परत कोर्टात जायचं, म्हणून तर रेशमात जपून ठेवलेली.

वारं फिरलं. हिंदुस्थानची फौज नळदुर्गावरनं आली, निजामाचं राज्य गेलं, अन् हे घरी आले. गळ्यात हार, मागं ही गर्दी. आल्या आल्या पेटी उघडली. लेकीला बघायच्या आधी पेटी!

"नळीतली सनद कुठाय?"

भीतीनं माझ्या तोंडातनं एवढंच निघालं, "जाळली."

वसरीवरची माणसं कान देऊनच बसलेली. एकजण ताडकन उठला, "काय सांगता! वकीलसाहेबांनी निजामाची सनद जाळली?" झालं. टाळ्या काय, जयजयकार काय. हे वळले, तोंड उघडलं, अन् परत मिटलं. वकील माणूस, आपल्या बाजूनं चाललेला साक्षीदार कशाला अडवंल?

तसं हैदराबादला अर्ज केला असता तर नक्कल मिळाली असती. पण अर्जात लिहायचं काय, बायकोनं चुलीत घातली? अन् सनद जाळली म्हणून ज्याला हार घातले, त्यानं नक्कल मागायची कोणत्या तोंडानं? ह्यांनी अर्ज लिहिले अन् फाडले. कोर्ट बंद झालेला वकील भाषणं करत हिंडणार न्हाय तर काय करणार? हिंडले, अन् पहिल्या निवडणुकीला असेंब्लीचं तिकीट घेऊन आले. भाषणागणिक सनद मोठी व्हायली. आधी घरात जाळली, मग चौकात, मग जमादाराच्या डोळ्यादेखत. म्या म्हणलं, "अहो, गावाची होळी बी एवढी मोठी नसती." तर म्हणले, "तू गप. तुझ्याच कर्तबगारीनं ही पाळी आलीय."

शेवटची सभा तुळजापुरात झाली. समोरच्या उमेदवाराचा माणूस उठला, तो बी वकीलच. "वकीलसाहेब खोटं बोलतेत असं मी म्हणत न्हाय. पण वहिनीसाहेब हितं हायेत. त्यांनी आईची कवड्याची माळ गळ्यात घालून सांगावं, सनद कुणी जाळली?"

देवीची गाणी म्हणणाऱ्या एका आराधीणबाईनं आपली माळ काढून माझ्या गळ्यात घातली बी.

काखेत लेकीच्या पाठचं धाकटं. आईची माळ, खोटं बोलावं तर पोरांवर येणार. खरं बोलावं तर कोर्ट गेलंच होतं, असेंब्ली बी जाणार, मग हे दिवसभर घरात बसून, अन् माझं नशीब. ह्यांच्याकडं बघितलं तर हे आपल्याच चपला बघायलेले.

"सनद म्या जाळली," म्हणलं.

मग बाया उठल्या की ओ! "ऐका, बाईनं जाळली! गड्याच्या आधी बाईनं!" कुणी कुंकू लावायली, कुणी वटी भरायली. तो वकील तोंड वासून उभा. अन् हे, आत्तापतूर चपला मोजणारे हे, झटक्यात कर्ण्यापाशी, "माता-भगिनींनो, हीच ती!"

माझ्या घशात अजून एक शब्द होता, "चुकून". तो काढायला तोंड उघडलं तर आराधीणबाईनं त्यात पेढा कोंबला.

हे निवडून आले. आता हैदराबादला बसतेत, म्हणे कायदे करतेत. ज्यांना घरात पेटीचं कुलूप नीट लावता येत न्हाय ते!

म्या खोटं बोलले न्हाय. पण पेढा गिळून झाला होता, टाळ्या थांबल्या होत्या, अन् तरी म्या तो शब्द काढला न्हाय. धाकटं काखेत झोपलेलं, अन् हे माझ्याकडं बघून हसायलेले, लग्नानंतर पहिल्यांदाच चारचौघांत. तुमी असता तिथं, तर काढला असता का वं?