भरलेले कान

टाक्यांच्या कारखान्यात एकतीस वर्षं त्याने एकच काम केलं. पोलादी टाकीच्या पोटात उकिडवं बसायचं, पत्रे जोडणाऱ्या रिव्हेटच्या टोकाला जड लोखंडी ठोकळा छातीच्या जोराने दाबून धरायचा आणि बाहेरचा गडी घण घालेल तो आवाज अंगावर घ्यायचा. ठोकणारा दुसरा, धरणारा हा; तरी कारखान्याने नाव ठेवलं ते ‘ठोक्या’.

बाहेरच्याचा आवाज मोकळ्यावर निघून जायचा. याचा टाकीतच राहायचा. चाळिशीच्या आत उजवा कान गेला, पन्नाशीत डावा अर्धा, आणि त्यांच्या जागी एक शिटी येऊन बसली. बारीक, न थांबणारी. जेवताना, दाढी करताना, बायको शेवटचं काहीतरी सांगत होती तेव्हाही. ती काय म्हणाली ते त्याला कळलं नाही. शिटी मात्र नीट ऐकू आली. डॉक्टर म्हणाले, “नस मेलीय. सवय करा.” त्याने केली.

बायको गेल्यावर तो मुलीकडे राहायला आला. जावई बोटीवर असायचा, वर्षातून दोनदा उगवायचा. घरात मुलगी, तिची चार वर्षांची पोर भिंगरी आणि हा. संध्याकाळी मुलगी निनादी पंथाच्या लोकांकडे जायची.

निनादींचं म्हणणं असं, की आधी काहीच नव्हतं. मग एक ठोका पडला, आणि तारे, समुद्र, आपण सगळे म्हणजे त्या ठोक्याची उरलेली थरथर. इथपर्यंत म्हाताऱ्याची काही तक्रार नव्हती. त्याने फक्त विचारलं, “मग आतून धरलं होतं कोणी?”

“आबा, तुम्हाला प्रत्येक गोष्टीची थट्टाच करायची असते.”

थट्टा नव्हती ती. ठोकायला कुणीतरी धरावं लागतं, एवढंच त्याला माहीत होतं.

एकदा तीच त्याला घेऊन गेली. फर्निचरचं जुनं गोदाम. मधोमध दोन साखळ्यांवर टांगलेला पुरुषभर उंचीचा पोलादी पत्रा. पत्रा बारा मिलिमीटरचा, कडा गॅसने कापलेल्या आणि घासायचा आळस केलेला, हे त्याने दारातूनच पाहिलं. एकेक जण पुढे जाऊन पत्र्याला कान टेकवायचा आणि पत्र्याच्या मागच्या बाजूने लाकडी मोगरीचे घाव पडायचे. वर्षानुवर्षं असं टेकत राहिलं की एक दिवस कान आपोआप वाजू लागतात. तो माणूस ‘भरलेला’. त्यातल्या अर्ध्यांना समोरचं बोलणं कळत नव्हतं, आणि ते एकमेकांकडे पाहून धन्य हसत होते.

कानांच्या उंचीवर पत्र्यावर एक पट्टा उमटला होता. तेलाचा, घामाचा, कानातल्या मळाचा. तपकिरी, चिकट, मध्ये एखादा केस रुतलेला. तो पुसायचा नाही असा नियम होता. उलट नवखी माणसं त्यावर बोट फिरवून कपाळाला लावत. ठोक्याने आपले हात खिशात घातले.

त्यांच्या मुख्याला ‘पहिला कान’ म्हणत. पूर्वी तो लाउडस्पीकर भाड्याने द्यायचा. आता इतकं हळू बोलायचा की माणसाला त्याच्या तोंडाशी वाकावं लागे, आणि त्या तोंडाला वास यायचा.

“आत्ता काही ऐकू येतंय?” त्याने ठोक्याच्या डाव्या कानाशी विचारलं. गोदाम चिडीचूप.

“शिटी. ती तर नेहमीचीच.”

“किती वर्षं?”

“असतील वीस-बावीस.”

सगळ्यांच्या तोंडून एकदम श्वास सुटला. एक बाई रडायलाच लागली. ज्याच्यासाठी त्यांनी कानांची माती केली होती ते या म्हाताऱ्याकडे आयतं होतं. त्याला गादीची खुर्ची मिळाली. माणसं रांग लावून त्याच्या कानाला कान भिडवू लागली: ओले गाल, कोंड्याची झुलपं, एकाचा कान तर वाहत होता आणि तो पू त्याने कौतुकाने बोटावर घेऊन दाखवला. ठोक्या घरी येऊन मान लाल होईपर्यंत घासायचा.

पण जायचा. खरी घाण ती होती. कारखान्यातून निघाला तेव्हा त्याला कुणी फाटकापर्यंतही सोडायला आलं नव्हतं. इथे तो आला की माणसं उठून उभी राहत. तिसऱ्या आठवड्यात, निघण्यापूर्वी आपण आरशासमोर कानावरचे केस कापतोय हे त्याच्या ध्यानात आलं आणि त्याला स्वतःचीच शिसारी आली. केस मात्र त्याने पुरते कापले.

मग एके दिवशी भाजी निवडता निवडता मुलगी म्हणाली, “रविवारी भिंगरीचा पहिला टेक आहे. एकवीस घाव. डोकं भरलेल्याने धरायचं असतं. तुम्हीच धरणार.”

“काय?”

“तुम्ही धरणार! भिंगरीचं डोकं! पत्र्याला!”

“अगं, बहिरी होईल पोर.”

“तुम्ही झालात, तुमचं काय वाईट झालं? लोक पाया पडतात तुमच्या.”

“तुझी आई मरताना काय म्हणाली, ते मला अजून माहीत नाही,” एवढंच तो म्हणाला.

“मी सांगितलंय तुम्हाला.”

“तू सांगितलंस. तिने सांगितलेलं मला हवं होतं.”

मुलगी खाली मान घालून देठं मोडत राहिली. रविवार काही टळला नाही. म्हणून तो सगळ्यांसमोर खरं सांगून टाकायचं ठरवून गेला.

“ही देवाची शिटी नाही,” तो खुर्चीवरून उठून ओरडला. “टाकीत बसून कान फुटले माझे. डॉक्टरने सांगितलंय, नस मेली.”

पहिल्या कानाने डोळे मिटले. “ऐका,” तो पुटपुटला, “किती नम्रता. नस मेली.”

“नस मेली,” पुढची रांग म्हणाली. मग मागची. मग सगळं गोदाम तालावर डोलत, “नस मेली, नस मेली.” ठोक्याला वाटलं, आपण यांच्या तोंडावर थुंकलो तर हे चाटून पुसून गोड मानतील.

तो धरत नाही असं पाहून मुलगीच भिंगरीला घेऊन पुढे गेली. पोरीचा कान त्या तपकिरी पट्ट्यापासून वीतभर. मोगरीवाल्याने हात उचलला.

ठोक्याला एकच काम येत होतं. तो पोरीच्या शेजारून पुढे घुसला आणि त्याने पत्र्याला मिठी मारली. छाती, पोट, मांड्या, गाल, सगळं टेकवून एकतीस वर्षांच्या सवयीने वजन टाकलं. गालाखाली तो मेणचट, आंबूस थर पसरला. ओठाच्या कोपऱ्यात काहीतरी खारट आलं. घाव पडला. ठप्प. ओल्या लाकडावर पडावा तसा. पुन्हा पडला. ठप्प.

“सोडा, बाबा,” पहिला कान पहिल्यांदाच मोठ्याने बोलला.

त्याने सोडलं नाही. धरलेला पत्रा वाजत नाही. हे त्या शेदोनशे माणसांत त्याला एकट्यालाच माहीत होतं. मोगरीवाला चिडला, मोगरी टाकून त्याने कोपऱ्यातला घण आणला आणि दोन्ही हातांनी डोक्यावर उचलला.

डोळ्याच्या कोपऱ्यातून ठोक्याला दिसलं: मुलीने भिंगरीला छातीशी ओढलं आणि तिचे दोन्ही तळवे पोरीच्या कानांवर गच्च बसले. तिने ठरवून केलेलं नव्हतं. आपल्या हातांकडे ती स्वतःच बघत राहिली. गोदामही बघत राहिलं.

घण पडला की नाही हे तिने पाहिलं नाही. ती वळली आणि पोरीला तशीच घेऊन चालू लागली.

बाहेर रस्त्याकडेच्या नळाशी तो पोचला तेव्हा ती तिथे उभी होती. भिंगरीने त्याच्याकडे हात पसरले. मुलीने तिला मागे घेतलं आणि त्याच्या डाव्या कानाशी येऊन, एकेक शब्द तोडत म्हणाली, “आधी तोंड धुवा. मग घ्या तिला.”

त्याने तीनदा धुतलं. चौथ्यांदा तिने आपल्या पदराने पुसून दिलं, नाक मुरडत.