प्रश्न बदलून देणाऱ्या बाई

आमच्या कॉलेजातल्या मराठीच्या बाई अभ्यासदौऱ्याची गाडी जळगावबाहेर पडली की आम्हा प्रत्येक प्राध्यापकाचा अभ्यासाचा प्रश्न काढून घेतात आणि दुसऱ्याला देतात. आखाजीची, म्हणजे अक्षय्य तृतीयेच्या सणाची, झोक्यावरची गाणी अभ्यासायला शिरपूरकडे निघालो, तेव्हा संगीताच्या सरांकडे त्यांनी झोक्याच्या झाडाचा प्रश्न सोपवला आणि मला, वनस्पतिशास्त्रवाल्याला, गाण्याच्या चालीचा. "आपल्या विषयाचं उत्तर तुम्हाला आधीच माहीत असतं हो सर, म्हणून तुम्ही ऐकत नाही," असं त्या हसत म्हणतात. त्यामुळे धड रागावताही येत नाही.

गावात निंबाला झोका बांधला होता. शेजारी उभ्या असलेल्या गावातल्या एका अक्कांना मी विचारलं, "या गाण्यांची ओळ मध्येच का लांबते?"

माझ्या हातातला माईक बघून त्या म्हणाल्या, "बसल्या जागे गानं येत नई, भाऊ." मग बाईंकडे वळल्या. "तुले काय इचारनं शे, माय?"

बाईंनी स्वतःसाठी प्रश्न ठेवलाच नव्हता. त्यांनी चपला काढल्या, पदर खोचला आणि झोक्यावर बसल्या.

"अक्का, झोका द्या ना."

अक्कांनी झोका दिला आणि गाऊ लागल्या. झोका लांब गेला की ओळ लांबायची, परतला की मिटायची. एवढं कळायला मला बाईंचे पाय जमिनीवरून सुटलेले बघावे लागले.